दे केदारला बॉल!

शुक्रवार, २८ सप्टेंबर २०१८. पुण्याहून सुटलेली हुतात्मा एक्स्प्रेस, खच्चून भरलेली. विकेंडला घरी निघालेली आम्ही सोलापूरकर मंडळी, मांडीवर लॅपटॉपची बॅग, हातात मोबाइल. आणि मोबाइलवर आशिया कपची फायनल. व्हिडिओ बघण्याइतकं नेटवर्क आहेच कुठे? नुसता स्कोअर, तोही स्क्रीन खाली ओढून ओढून रिफ्रेश करायचा. बांगलादेश बिनबाद १००. बिनबाद ११०. बिनबाद १२०. बुमराह झाला, भुवनेश्वर झाला, चहल झाला, कुलदीप झाला, जडेजा झाला. लिटन दास कोणाचंच ऐकायला तयार नाही.

समोरच्या सीटवर एक काका बसले होते. डोक्यावर टोपी, पायाशी पिशवी, कुर्डुवाडीला उतरणार होते. त्यांच्याकडे साधा फोन. मी दर दोन मिनिटांनी तोंड वाकडं करतोय हे बघून त्यांनी विचारलं, “किती झाले?” मी सांगितलं. काका म्हणाले, “केदारला दिला का बॉल?”

मी म्हटलं, “दिलाय की आत्ताच.”

“मग पडंल आता. आमच्याकडचा हाय तो. जाधववाडीचा. माढ्याजवळ.”

मी स्क्रीन खाली ओढली. मेहदी हसन झेलबाद, गोलंदाज जाधव. १२० वर एक!

काकांनी टोपी सारखी केली आणि खिडकीबाहेर बघत बसले. जणू त्यांनीच फील्ड लावली होती.

बॉस्टनवाल्याचा धडा

आता जरा वेगळ्या मैदानावर जाऊ. आमच्या टीमचा एक क्लायंट बॉस्टनचा. रात्री साडेनऊच्या कॉलवर हा माणूस कामापेक्षा बेसबॉल जास्त बोलायचा. एकदा रिलीजच्या आदल्या रात्री सगळं फाटलं. दुसऱ्या टीमने चार महिने घोळलेलं काम शेवटच्या दोन दिवसांत माझ्या गळ्यात पडलं. कसंबसं निस्तरलं. तेव्हा तो मला म्हणाला की तू आमचा क्लोजर आहेस. मला वाटलं दुकानाला टाळं लावायला सांगतोय! मग त्याने समजावलं, आणि मी यूट्यूबवर बसून सगळं शोधून काढलं.

बेसबॉलमध्ये नऊ इनिंग. सुरुवातीला बॉल टाकायला येतो तो स्टार्टर. पोस्टरवर याचा फोटो, पगारही याचाच तगडा. पण दंड कधीतरी दमतो, बॅटर त्याला वाचायला लागतात. मग मॅनेजर स्वतः चालत मैदानात येतो आणि चक्क त्याच्या हातातून बॉल काढून घेतो. कडेला बुलपेन नावाचं एक कुंपण असतं. तिथे पाच-सहा जण तासन् तास नुसते बसून असतात. फोन वाजतो, त्यातला एक उठतो, खांदे गरम करतो आणि बरोबर त्या क्षणी आत जातो जेव्हा सगळं बिघडलेलं असतं. हा रिलीफ पिचर. शेवटची इनिंग सांभाळणारा तो क्लोजर. एकदा बाहेर काढलेला खेळाडू त्या मॅचमध्ये परत येऊ शकत नाही, त्यामुळे रिलीव्हरला ‘जरा बघू, नाही जमलं तर आधीच्यालाच परत आणू’ ही सोय नाही.

गंमत म्हणजे या माणसांचा हिशोब ठेवायलाच बेसबॉलला फार वेळ लागला. आघाडी तीन धावांपेक्षा जास्त नसताना शेवटची किमान एक इनिंग टाकून मॅच वाचवली, की रिलीव्हरच्या नावावर एक ‘सेव्ह’ जमा होतो. (नियमाला आणखी पोटनियम आहेत, ते सोडून द्या.) हा आकडा अधिकृत झाला १९६९ मध्ये! त्याआधी जी माणसं हेच काम करत होती, त्यांच्या कामाला रकानाच नव्हता. पुढे न्यूयॉर्क यांकीजच्या मारियानो रिव्हेराने ६५२ सेव्ह काढले, आणि २०१९ मध्ये तो हॉल ऑफ फेममध्ये एकमताने, म्हणजे एकही मत विरोधात न जाता निवडला गेलेला पहिला खेळाडू ठरला. तो रिलीव्हर होता, हे विशेष.

या रिलीव्हर लोकांत एक अतरंगी जमात आहे. सबमरीन पिचर. ही माणसं खांद्यावरून बॉल टाकतच नाहीत. कमरेत वाकून, हात जमिनीलगत नेऊन, खालून वर बॉल सोडतात. केंट टेकुल्व्ही, डॅन क्विझेनबेरी, आणि ‘मनीबॉल’ ज्यांनी वाचलंय किंवा पाहिलंय त्यांना आठवेल तो चॅड ब्रॅडफर्ड. बोटांची पेरं जवळपास मातीला घासतात. वेग काही खास नसतो. पण आयुष्यभर वरून येणारा बॉल बघितलेल्या बॅटरला हा बॉल कुठून आला हेच कळत नाही.

ब्रॅडफर्डचे व्हिडिओ बघताना रात्री दीड वाजता माझ्या डोक्यात ट्यूब पेटली. अरे, हा तर आपला केदार!

बॅट्समन, कीपर आणि जमलंच तर…

केदार महादेव जाधव. जन्म २६ मार्च १९८५, पुण्यात. घराणं मूळचं सोलापूर जिल्ह्यातल्या माढा तालुक्यातल्या जाधववाडीचं. वडील वीज मंडळात क्लार्क. कोथरूडमध्ये वाढलेला, टेनिस बॉलच्या टुर्नामेंट मारत मारत पीवायसी हिंदू जिमखान्यापर्यंत पोचलेला मुलगा. (त्यामुळे पुणेकर त्याला पुण्याचा म्हणतात आणि आम्ही सोलापूरचा. हा वाद मिटणार नाही. आमच्याकडे पॉली उम्रीगरही आहेत बरं का! भारताचं कसोटीतलं पहिलं द्विशतक ठोकणारा हा माणूस १९२६ मध्ये सोलापुरात जन्मला. आमचं गाव म्हणजे फक्त चादर आणि शेंगाचटणी नव्हे.)

केदार होता बॅट्समन. २०१२ मध्ये उत्तर प्रदेशविरुद्ध गहुंजेला त्रिशतक ठोकलं, ३२७. २०१३-१४ च्या रणजी सीझनमध्ये सहा शतकांसह १२२३ धावा काढल्या. त्या सीझनमध्ये देशात त्याच्याहून जास्त कोणाच्याच नव्हत्या, आणि महाराष्ट्र फायनलला गेला. अधूनमधून विकेटकीपिंग. बोलिंग? हो, टाकायचा कधीतरी. तुम्ही-आम्ही सोसायटीच्या पार्किंगमध्ये टाकतो तशी.

वनडेत पहिली संधी मिळाली नोव्हेंबर २०१४ मध्ये, रांचीला, श्रीलंकेविरुद्ध. वय २९. आपल्याकडे २९ व्या वर्षी क्रिकेटपटूला ‘अनुभवी’ म्हणतात, म्हणजे हळूच दार दाखवायची तयारी सुरू झालेली असते. आमच्या आयटीत जसं दहा वर्षं कोडिंग करणाऱ्याला विचारतात, “मॅनेजर नाही झालास अजून?” तसंच. तर या वयात हा पठ्ठ्या आत आला. पुढची दोन वर्षं आत-बाहेर, आत-बाहेर.

मग १६ ऑक्टोबर २०१६, धरमशाला. न्यूझीलंडविरुद्ध पहिली वनडे. धोनीने ऑफस्पिन टाकायला केदारच्या हातात बॉल दिला. तेव्हा आमच्या ऑफिसच्या कॅन्टीनमध्ये जे हसू फुटलं ते मला अजून आठवतंय. तीन ओव्हर, सहा रन, दोन विकेट. नीशम आणि सँटनर, लागोपाठच्या दोन चेंडूंवर! हसू थांबलं. दिल्लीत लॅथम. मोहालीत २९ धावांत तीन, त्यात चक्क केन विल्यमसन. सहा विकेट, अवघ्या तीन मॅचमध्ये. ३१ व्या वर्षी या माणसाला एक नवीन नोकरी लागली होती, जिच्यासाठी त्याने कधी अर्जच केला नव्हता.

वाकलेला बॉल

वनडेचं गणित साधं आहे. एका बोलरला जास्तीत जास्त दहा ओव्हर, म्हणजे पन्नास ओव्हरसाठी किमान पाच बोलर हवेत. पाचपैकी एकाला मार पडला किंवा एकाचा पाय मुरगळला, की कॅप्टन सहाव्याला शोधतो. टीममधला हा सहावा माणूस म्हणजे आपला बुलपेन. इथे बाहेरून कोणी येत नाही. इतका वेळ पॉइंटला उभा राहून टाळ्या वाजवणाऱ्यानेच टोपी अंपायरकडे द्यायची आणि सुरू व्हायचं.

केदार सुरू व्हायचा तो असा. दोन-चार पावलं चालत यायचं, क्रीजवर क्षणभर थांबायचं आणि मग अचानक खाली बसल्यासारखं वाकून, हात आडवा करून बॉल सोडायचा. कधी खांद्याच्या रेषेत, कधी अंपायरच्या पोटाशी, कधी त्याच्याही खाली. बॉल जितका खालून सुटेल तितका तो टप्पा पडल्यावर कमी उसळतो. बॅट्समनला बॉलच्या खाली शिरून उचलून मारायचं असतं, आणि इथे खाली शिरायला जागाच नाही. वर वेग इतका कमी की मारायचा दम सगळा आपणच लावायचा. सहा इंच उसळी कमी-जास्त झाली की सिक्सरचा कॅच होतो किंवा सरळ पायचीत.

“हे कायदेशीर आहे का?” हा प्रश्न त्या काळात मला निदान दहा जणांनी विचारला असेल. आहे ना! पूर्ण अंडरआर्म टाकायला बंदी आहे. १९८१ मध्ये ट्रेव्हर चॅपेलने शेवटचा बॉल जमिनीवरून गडगडत सोडला, त्याची ही पुण्याई. पण हात आडवा ठेवायला कोणाची हरकत नाही. उलट एकोणिसाव्या शतकात हात खांद्याच्या वर नेणंच बेकायदा होतं, ती परवानगी १८६४ मध्ये मिळाली. म्हणजे केदारची बोलिंग विचित्र नव्हती, दीडशे वर्षं जुनी होती! आणि आणखी एक गंमत. डाव्या हाताने टाकणार की उजव्या, विकेटच्या कुठल्या बाजूने टाकणार, हे बॅट्समनला सांगावं लागतं. हात किती उंचीवरून येणार हे सांगायची सक्ती नाही. केदारचा सगळा धंदा या एका फटीत चालला.

त्याचं प्रॅक्टिसबद्दलचं मत तर भन्नाट होतं. तो मुलाखतींत सांगायचा की नेटमध्ये तो फारशी बोलिंग करतच नाही, मॅचआधी दोन-एक ओव्हर टाकतो, बस. जास्त बोलर व्हायला गेलो तर जे आहे तेही जाईल, अशी त्याला धास्ती. मला हे वाचून फार बरं वाटलं होतं. आमच्याकडे एखादी गोष्ट जमतेय असं दिसलं की लगेच त्या विषयाचं ट्रेनिंग लावतात, सर्टिफिकेट घ्यायला लावतात, आणि सहा महिन्यांनी ती जमेनाशी होते.

आणि यष्ट्यांमागे धोनी. माहीभाईच्या डोळ्यांकडे बघून काय टाकायचं ते कळतं, अशा अर्थाचं केदार बोललाय. बेसबॉलमध्ये कॅचर असाच खाली बसून मांड्यांमधून बोटांच्या खुणा करतो आणि पिचर मान हलवतो. ती जोडी नवरा-बायकोसारखी असते म्हणे. धोनीच्या खुणा नव्हत्या, हिंदीतून चालू कॉमेंट्री होती आणि ती स्टंप माइकमधून अख्ख्या देशाला ऐकू जायची, एवढाच काय तो फरक.

हा धंदा किती चालला? १५ जून २०१७, बर्मिंगहॅम, चॅम्पियन्स ट्रॉफीची सेमीफायनल. तमीम इक्बाल आणि मुशफिकुर रहीमने १२३ धावांची भागीदारी लावलेली. बांगलादेश तीनशेच्या पुढे जाणार असं वाटत असताना कोहलीने धोनीशी बोलून केदारला आणलं. तमीम त्रिफळाचीत. थोड्या वेळाने मुशफिकुर कोहलीच्याच हातात. सहा ओव्हर, २२ धावा, दोन विकेट. २६४ वर बांगलादेश थांबलं आणि रोहित-विराटने ते एका विकेटच्या बदल्यात संपवलं. मॅन ऑफ द मॅच रोहित शर्मा. अर्थातच. शतक दिसतं. न झालेल्या चाळीस धावा कोणाला दिसणार?

तीन दिवसांनी फायनलमध्ये आपण पाकिस्तानकडून १८० धावांनी आपटलो. त्या कत्तलीतही बाबर आझमची विकेट कोणाच्या नावावर आहे बघा. केदारच.

तो दुसरा रिंकू

आपल्या देशात खऱ्या अर्थाने व्यावसायिक रिलीफ पिचर झालेला एक माणूस आहे. रिंकू सिंग. थांबा, २०२३ च्या आयपीएलमध्ये पाच सिक्सर मारणारा तो नव्हे! हा उत्तर प्रदेशातल्या भदोहीकडचा, भालाफेक करणारा डावखुरा पोरगा. २००८ मध्ये जे. बी. बर्नस्टीन नावाच्या अमेरिकन एजंटने भारतात ‘मिलियन डॉलर आर्म’ नावाची स्पर्धा घेतली. आयडिया अशी की शंभर कोटींत एक तरी वेगवान दंड सापडेलच. रिंकू जिंकला. त्याने आणि दिनेश पटेल या दुसऱ्या भालाफेकपटूने त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये पिट्सबर्ग पायरेट्सशी करार केला. दोघांनी स्पर्धेआधी बेसबॉल हातात धरलेला नव्हता! ४ जुलै २००९ ला, अमेरिकेच्या स्वातंत्र्यदिनी, रिंकू तिथल्या व्यावसायिक मॅचमध्ये उतरला. डिस्नेने २०१४ मध्ये यावर सिनेमाही काढला, संगीत ए. आर. रहमानचं.

सिनेमा करार झाल्यावर संपतो. खरी गोष्ट तिथून सुरू होते. २०१२ मध्ये वेस्ट व्हर्जिनिया पॉवर या मायनर लीग टीमकडून रिंकू ३९ मॅचमध्ये उतरला, ७२ इनिंग टाकल्या आणि सरासरी ठेवली ३.००. हे चांगलं काम आहे. कुणीही हेवा करावा असं. आणि मग दंडाने दगा दिला. २०१३ पासून दुखापतीमागून दुखापती, मेजर लीगचं दार उघडलंच नाही. २०१८ मध्ये तो डब्ल्यूडब्ल्यूईत गेला आणि पुढे कपाळाला भस्म फासलेला ‘वीर महान’ म्हणून जगाला माहीत झाला. किती जणांना माहितीये की हा माणूस पायरेट्सच्या बुलपेनमध्ये बसलेला होता?

रिलीव्हरचं हेच दुखणं. शरीर अचानक, थंड असताना, एका झटक्यात पेटवायचं असतं. स्टार्टरसारखी लय मिळत नाही. केदारच्या बाबतीत दंड नव्हता, मांडी होती. हॅमस्ट्रिंग!

जानेवारी २०१७ ची पुण्याची मॅच आठवा. इंग्लंडच्या ३५० चा पाठलाग, आपण ४ बाद ६३. केदारने ७६ चेंडूंत १२० मारल्या, कोहलीसोबत बरोबर २०० ची भागीदारी केली, आणि त्यातला शेवटचा बराच भाग पायात गोळे येऊन लंगडत. एप्रिल २०१८ मध्ये वानखेडेवर चेन्नईकडून पहिलीच मॅच. हॅमस्ट्रिंग गेली, रिटायर्ड हर्ट होऊन आत गेला. नववी विकेट पडल्यावर परत आला, कारण दुसरं कोणी उरलंच नव्हतं. शेवटच्या ओव्हरला सात हव्यात, समोर मुस्तफिजुर. तीन बॉल काहीच नाही, चौथा सिक्सर, पाचवा फोर. मॅच खिशात, आणि केदार उरलेल्या सीझनमधून बाहेर. चेन्नईने त्याच्यासाठी ७ कोटी ८० लाख मोजले होते. त्या सीझनपुरतं चेन्नईला त्याच्याकडून मिळालं ते एवढंच, २२ चेंडू.

दुखापतीतून सावरून तो परतला थेट दुबईच्या आशिया कपला. पाकिस्तानविरुद्धच्या मॅचमध्ये हार्दिक पंड्याची पाठ धरली, स्ट्रेचरवरून नेला. त्याच्या उरलेल्या ओव्हर कोण टाकणार? बुलपेनचा फोन वाजला. नऊ ओव्हर, २३ धावा, तीन विकेट. त्याची वनडेतली सर्वोत्तम कामगिरी ती हीच, दुसऱ्याच्या वाटणीच्या ओव्हरमध्ये केलेली.

रात्री एक वाजता, सोलापूर

तर त्या शुक्रवारी मी घरी पोचलो तेव्हा बांगलादेश २२२ वर गुंडाळला गेला होता. बिनबाद १२० वरून २२२! केदारच्या नावावर नऊ ओव्हरमध्ये ४१ धावांत दोन, मेहदी आणि पुन्हा तोच बिचारा मुशफिकुर. आमचे आप्पा, म्हणजे माझे काका, टीव्हीसमोर बनियनवर बसलेले.

“आलास का बे? हात धुऊन घे. कडक भाकरी हाय, दही हाय. आणि आवाज करू नकोस.”

“आप्पा, किती हवेत?”

“गप बस म्हटलं ना.”

पुढचं तुम्हाला माहीत आहे. सोपी वाटणारी मॅच अवघड होत गेली. केदार आला, पळता पळता मांडी धरली, १९ वर असताना आत गेला. आप्पांनी ताट सरकवून ठेवलं. जडेजा-भुवनेश्वरने थोडं सावरलं, मग जडेजा गेला. आणि पायऱ्यांवरून परत केदार येताना दिसला. एक रन पळायचा म्हणजे एक पाय पळतोय, दुसरा नुसता मागून ओढला जातोय.

“लंगडलालंय की बे तो,” आप्पा म्हणाले. “कशाला पाठवलेत याला?”

“दुसरं कोण आहे आप्पा?”

शेवटच्या ओव्हरला सहा. शेवटच्या बॉलला एक. महमुदुल्लाहचा बॉल केदारच्या पॅडला लागून निसटला आणि दोघं पळाले. लेगबाय! भारत आशिया कप जिंकला, आणि केदारच्या खात्यात त्या शेवटच्या धावेचे शून्य. ती अवांतरमध्ये गेली. नाबाद २३.

आप्पा उठले, टीव्ही बंद केला आणि म्हणाले, “पायाला बर्फ लावला पाहिजे त्यानं.” झोपायला गेले.

फोन वाजायचा बंद होतो

पुढची गोष्ट आवडणारी नाही, तरी सांगायला हवी. २०१९ च्या वर्ल्डकपला तो गेला. अफगाणिस्तानविरुद्ध अवघड पिचवर ५२ काढल्या. इंग्लंडविरुद्ध शेवटी धोनीबरोबर नाबाद राहिला, १३ चेंडूंत १२, आणि दोघं संथ खेळले म्हणून देशभर शिव्या पडल्या. पुढच्या मॅचला केदार बाहेर, सेमीफायनललाही बाहेर. धोनी त्या सेमीफायनलनंतर भारताकडून परत खेळला नाही. केदारच्या हातात बॉल येणंही कमी कमी होत गेलं. माझा अंदाज असा की जो कॅचर त्याला वाचू शकत होता तो गेल्यावर त्या बोलिंगची चावीच हरवली. निवड समितीचा विचार निराळा असेल, वय हा मुद्दाही होताच. शेवटची वनडे फेब्रुवारी २०२० मध्ये, ऑकलंडला.

त्याच वर्षी अबू धाबीत कोलकात्याविरुद्ध १२ चेंडूंत नाबाद ७. चेन्नई दहा धावांनी हरली आणि सोशल मीडियावर जे मीम्सचं पीक आलं ते विचारू नका. आमच्या ऑफिसच्या ग्रुपवरही रोज एक. मीही दोन-तीन पुढे ढकलले होते, लपवत नाही. वानखेडेवर एका पायावर मॅच जिंकून दिलेला माणूस अडीच वर्षांत विनोद झाला होता. चेन्नईने सोडलं, मग एक सीझन हैदराबाद. २०२३ च्या आयपीएलमध्ये तर तो मराठीतून कॉमेंट्री करत होता, आणि सीझनच्या मध्येच बंगळुरूने डेव्हिड विलीच्या जागी त्याला टीममध्ये घेतलं. माइक ठेवला, पॅड बांधले. याहून अस्सल रिलीव्हर कुठे दाखवा! जानेवारी २०२४ मध्ये झारखंडविरुद्ध रणजीत १८२ मारल्या, वयाच्या ३८ व्या वर्षी. ३ जून २०२४ ला, बरोबर दुपारी तीनची वेळ देऊन, किशोरकुमारच्या गाण्यासोबत निवृत्ती जाहीर केली. थेट माहीस्टाइल. एप्रिल २०२५ मध्ये राजकारणातही गेला, पण तो वेगळ्या पुरवणीचा विषय.

आकडे सांगतो. ७३ वनडे, १३८९ धावा, सरासरी ४२.०९, स्ट्राइक रेट शंभराच्या वर. विकेट २७, सरासरी ३७.७७. बोलिंगचा आकडा बघून कोणी म्हणेल, ठीकठाक. पण यादी वाचा: विल्यमसन, लॅथम, तमीम, बाबर, सर्फराज, मुशफिकुर दोनदा. शेपूट कापून जमवलेल्या विकेट नाहीत या. आणि १२० ची किंवा १२३ ची भागीदारी मोडली, त्याला क्रिकेटच्या स्कोअरकार्डात आजही वेगळा रकाना नाही. १९६९ च्या आधीचं बेसबॉल जसं होतं तसंच.

मागच्या दिवाळीत घरी होतो. संध्याकाळी आप्पांना घेऊन पार्क चौकात गेलो. पार्क स्टेडियमचं रूप आता बरंच पालटलंय, जानेवारी २०२४ मध्ये तिथे महाराष्ट्र-मणिपूर रणजी मॅचसुद्धा झाली. आमच्या लहानपणी तिथे फक्त धूळ आणि भेळ होती. येताना एका गल्लीत पोरं टेनिस बॉलवर खेळत होती. बॅटिंगला अंगाने दांडगा एक पोरगा, सगळ्यांना झोडपत होता. बोलिंगवाल्यांचे चेहरे पडलेले. मग कोणीतरी ओरडलं आणि कंपाउंडवर बसून शेंगा खाणारं एक बारकं पोर खाली उतरलं. चड्डीला हात पुसले, दोन पावलं चाललं, थांबलं, आणि एकदम खाली वाकून आडव्या हाताने बॉल सोडला.

“सरळ टाक की बे!” आप्पा रस्त्यावरूनच ओरडले.

पोरानं आप्पांकडे बघितलं, बॉल परत घेतला आणि पुढचा आणखी खाली वाकून टाकला.